ओमानचा हजर पर्वत : जाण्याआधी नकाशा, दगड आणि पाणी समजून घ्यायचं आहे

डिचोलीकर

डिसेंबरात आठ दिवस मस्कतला जाणं ठरलं आहे. त्यातले निदान पाच दिवस शहरामागच्या डोंगरात घालवायचे आहेत. नकाशा उघडला की गोंधळ होतो. कुठे ‘हजर’ लिहिलेलं, कुठे ‘जबल अख्दर’, कुठे ‘जबल शम्स’. हे तीन वेगळे डोंगर की एकच? उपग्रहाच्या चित्रात डोंगराचा काही भाग करडा-पांढरा आणि काही जवळजवळ काळा-तपकिरी दिसतो, तो फरक कशाचा? ‘अख्दर’ म्हणजे हिरवा म्हणतात, मग आपल्याच अरबी समुद्राचा पाऊस तिथेही पडतो का? आणि वाळवंटात गावं नेमकी कुठल्या पाण्यावर जगतात? ‘वाडी’ नावाची इतकी ठिकाणं दिसतात, ती गावं आहेत का?

हॉटेलांची नावं नकोत. डोंगर कसा वाचायचा ते सांगा, बेत मग आपोआप ठरेल.

---

जांभाचिरा

शेवटच्या प्रश्नापासून सुरू करतो, कारण तिथे चूक झाली तर धोका आहे. ती ‘वाडी’ नव्हे, ‘वादी’. रोमन अक्षरांमुळे आपण सावंतवाडीसारखं वाचतो. अरबीत वादी म्हणजे पाण्याने कोरलेली दरी, म्हणजेच ओढ्याचं पात्र. ते वर्षातला बहुतेक काळ कोरडं असतं आणि पाऊस झाला की काही मिनिटांत भरतं. नकाशावर ‘वादी अमुक’ दिसलं की तिथे वस्ती असो वा नसो, आपण पाण्याच्या वाटेवर उभे आहोत हे धरून चालायचं.

आता नावं. हजर ही सगळी रांग. उत्तरेला होर्मुझच्या सामुद्रधुनीवरच्या मुसंदमपासून ती अमिरातींच्या पूर्व भागातून खाली उतरते आणि ओमानच्या किनाऱ्याला जवळजवळ समांतर जात अरबस्तानाच्या पूर्व टोकाशी, रास अल हद्दपाशी संपते. लांबी सुमारे ७०० किलोमीटर, म्हणजे गोव्याच्या किनाऱ्याच्या सहापटीहून जास्त. मधोमध समाइलची खिंड आहे. तिच्या पश्चिमेला हजर अल गर्बी, पूर्वेला हजर अश् शर्की. जबल अख्दर हा पश्चिम भागातला सर्वांत उंच डोंगरपुंजका, आणि जबल शम्स त्याच पुंजक्याचं शिखर. उंची ३,००० मीटरच्या किंचित वर, ओमानमधलं सर्वोच्च. आपल्या गोव्याचा सर्वांत उंच सोनसोगड ११६६ मीटर आहे, त्यावरून अंदाज घ्या.

रांग आणि समुद्र यांच्यामध्ये बातिना नावाची सपाट किनारपट्टी आहे. आतल्या बाजूला निझवा, बहला, इझ्की ही जुनी गावं डोंगराच्या पायथ्याशी बसली आहेत. त्यांच्यापुढे खडीची मैदानं आणि शेवटी वाळू. म्हणजे हा डोंगर भिंतीसारखा आहे आणि त्या भिंतीला दारं मोजकीच: समाइल, वादी जिझ्झी, वादी हवासिना आणि थोड्या अवघड वाटा. आपल्याकडे चोर्ला, अनमोड घाट चढून जावे लागतात. समाइलची खिंड घाट न चढताच पार होते, म्हणून मस्कत–निझवा महामार्ग तिच्यातून गेला आहे.

गोव्यातल्या माणसाला या भिंतीचा अर्थ इतिहासातून पटकन कळेल. पोर्तुगीज सेनानी अल्बुकर्कने मस्कत १५०७ साली घेतलं, गोवा १५१० साली. मस्कत बंदरावरचे मिरानी आणि जलाली हे दोन्ही किल्ले १५८० च्या दशकात पोर्तुगीजांनी बांधले. तरी १६५० मध्ये मस्कत हातचं जाईपर्यंत त्यांचा अंमल किनाऱ्यावरच राहिला. डोंगरापलीकडे इमामांचा मुलूख होता आणि तिकडे जायची दारं त्यांच्याच ताब्यात होती.

---

अनमोड

दगडाबद्दल. उपग्रहाच्या चित्रात तुम्हाला दिसले ते दोन रंग म्हणजे दोन वेगळे समुद्र आहेत. हजर समजायचा तर हे एवढं पक्कं करा, बाकी सगळं त्यावरून उलगडतं.

करडा-पांढरा भाग चुनखडीचा. सुमारे २७ कोटी ते ९ कोटी वर्षांपूर्वी इथे उथळ, उबदार समुद्र होता. त्याच्या तळावर शिंपल्यांचा, सूक्ष्म जीवांच्या कवचांचा गाळ साचत दोन-तीन किलोमीटर जाडीचे थर झाले. जबल अख्दर, जबल शम्स, मुसंदम हे सगळं त्यातलं. दगड नीट पाहिला तर शिंपल्यांचे आडवे काप दिसतात.

काळा-तपकिरी भाग खोल महासागराच्या तळाचा आहे. त्याला समाइल ओफिओलाइट म्हणतात. जुना टेथिस महासागर मिटत असताना, सुमारे साडेनऊ कोटी वर्षांपूर्वी तयार झालेला त्याचा तळ आणि तळाखालचं प्रावरण (पृथ्वीच्या कवचाखालचा जाड दगडी थर) दोन्ही अरबस्तानाच्या कडेवर चढून बसले. साधारणपणे महासागराचा तळ जड असल्यामुळे खंडाखाली बुडतो. इथे खंडाची कड त्याच्याखाली ओढली गेली आणि तळ वर राहिला. असे तुकडे जगात इतरत्रही आहेत, पण इतका मोठा आणि उघडा क्वचितच. सुमारे ५०० किलोमीटर लांबीचा हा पट्टा माती-झाडी नसल्यामुळे नुसत्या डोळ्यांनी वाचता येतो.

वाचायचा कसा? खालून वर. सगळ्यांत खाली पेरिडोटाइट, म्हणजे प्रावरणाचा दगड: बाहेरून गंजलेल्या लोखंडासारखा तपकिरी, फोडला तर आत काळपट हिरवा. त्यावर गॅब्रो, काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचा. त्यावर उभ्या पत्र्यांसारख्या भित्ती, म्हणजे भेगांत थिजलेला शिलारस, एकीला एक चिकटून. सर्वांत वर समुद्राच्या पाण्यात ओतल्यावर थिजलेला लाव्हा, उशांच्या ढिगासारखा. या उशा पाहायच्या तर सोहारहून बुरैमीकडे जाणाऱ्या वादी जिझ्झीत. याच लाव्हाच्या थरांत गरम पाण्याने साचवलेलं तांबं आहे. सुमेरियन लेखांतला तांब्याचा देश ‘मगन’ म्हणजे हाच भाग मानतात.

यासाठी लांब जायचीही गरज नाही. मत्रा आणि जुन्या मस्कतच्या बंदराभोवतीच्या काळपट टेकड्या पेरिडोटाइटच्याच. विमानातून उतरल्यावर तासाभरात तुम्ही महासागराखालच्या प्रावरणावर हात ठेवू शकता.

आपल्याशी तुलना करताना काळ लक्षात ठेवा. दूधसागर-अनमोडकडचा नीस नावाचा पट्टेरी दगड ३०० कोटी वर्षांहून जुना आहे. तो दगड जुना, पण त्याच्यावर जांभा आणि जंगल. हजरचा दगड त्या मानाने तरुण, पण पूर्ण उघडा. आणि आज दिसणारी उंची तर त्याहून नंतरची: ओफिओलाइट चढून बसल्यावर बराच काळ हा भाग सखल होता, पुन्हा समुद्राखालीही गेला. मुख्य उठाव गेल्या चार-एक कोटी वर्षांतला.

---

म्हादईकाठ

अनमोड यांनी दगड सांगितला, त्याला ढाळ जोडतो. बेत आखताना तोच उपयोगी पडतो. जबल अख्दर म्हणजे चुनखडीचे थर कमानीसारखे वर उचलले गेलेला प्रचंड घुमट. दक्षिणेकडे, निझवाच्या बाजूला, थर उताराबरोबर कलत जातात, म्हणून चढ लांब पण सलग. उत्तरेकडे कमान फुटून आतला गाभा उघडा पडला आहे, म्हणून तिकडे सरळ कडे. जबल शम्सच्या उत्तर कड्यावरून वादी सहतानचा तळ जवळजवळ दोन हजार मीटर खाली दिसतो. आपल्या सह्याद्रीचा कडा समुद्राकडे आणि ढाळ देशाकडे. इथेही दिशा तीच, कारण मात्र वेगळं: सह्याद्रीत कडा मागे झिजत गेला, इथे घुमट फुटला.

पावसाचं. नाही, आपला पाऊस तिथे पडत नाही, आणि हा गैरसमज फार आहे. जूनमध्ये सोमालियाकडून येणारा नैर्ऋत्येचा वारा ओमानच्या किनाऱ्याला जवळजवळ समांतर वाहत येतो आणि थेट आपल्या सह्याद्रीवर आदळतो. आपल्याला तीन हजार मिलिमीटर पाऊस देणारा वारा ओमानच्या अंगावरून नुसता घासून जातो. दक्षिणेला सलालाजवळच्या धोफारच्या डोंगरांवर त्याचं धुकं आणि भुरभुर अडकते, त्याला ‘खरीफ’ म्हणतात. पण धोफार हजरपासून कित्येक शे किलोमीटर दूर आहे. सलालाचे हिरवे फोटो पाहून हजरला गेलात तर निराशा होईल.

हजरवर पाऊस तीन वाटांनी येतो. डिसेंबर ते मार्च पश्चिमेकडून भूमध्य समुद्राच्या बाजूचे पट्टे येतात. उन्हाळ्यात समुद्राकडची दमट हवा दुपारी डोंगर चढते आणि वळवासारखी सर कोसळते. आणि अधूनमधून चक्रीवादळ: जून २००७ मधलं गोनू, ऑक्टोबर २०२१ मधलं शाहीन. जबल अख्दरवरच्या सैक पठारावर वर्षाला सरासरी सुमारे ३०० मिलिमीटर, मस्कतला शंभरच्या आसपास. ३०० म्हणजे आपल्याकडे जुलैतले काही दिवस. तरी तेवढ्यावर २,००० मीटरच्या वर जंगली ऑलिव्ह आणि त्याहून वर जुनिपर वाढतात. ‘अख्दर’ हे नाव आजूबाजूच्या वाळवंटाच्या तुलनेत आहे. झाडं विरळ असतील, एकेक दिसेल.

आणि पाणी. चुनखडी पाणी गिळते. भेगांतून, गुहांतून ते खाली उतरतं आणि पायथ्याशी न झिरपणारा दगड लागला की झऱ्याने बाहेर पडतं. निझवा, बिरकत अल मौझ, नखल ही गावं नेमकी अशा जागी आहेत. ते पाणी शेतापर्यंत नेणारा पाट म्हणजे फलज, अनेकवचन अफ्लाज. तीन प्रकार: झऱ्यावरून निघणारा ऐनी, वादीच्या वाहत्या पाण्यातून काढलेला घैली, आणि जमिनीखाली बोगदा खणून भूजल आणलेला दाऊदी. दाऊदीच्या वाटेवर ठरावीक अंतरावर विहिरीसारखी भोकं दिसतात, ती बोगद्यात उतरून गाळ काढण्यासाठी. तीन हजारांच्या आसपास अफ्लाज आजही वाहते आहेत. त्यांतले पाच २००६ पासून जागतिक वारशात आहेत. निझवाचा फलज दारिस आणि बिरकत अल मौझचा फलज अल खतमैन तुमच्या वाटेवरच.

कुळागर, म्हणजे आपली पाटाच्या पाण्यावरची बागायत, पाहिलेल्या माणसाला फलज लगेच कळतो. वरच्या अंगाला पिण्याचं पाणी, मग मशीद, मग आंघोळीच्या जागा, मग खजुराची झाडं आणि सर्वांत शेवटी हंगामी पिकं. पाणी कमी झालं तर हंगामी पीक सोडतात, खजूर वाचवतात. वाटणी वेळेवर: ‘अथर’ म्हणजे सुमारे अर्धा तास. दिवसा उभ्या काठीच्या सावलीवर, रात्री ताऱ्यांवर मोजत. त्यामुळे पाटात पाय सोडून बसण्याआधी पाहा, तुम्ही पिण्याच्या पाण्याच्या वरच्या अंगाला तर नाही ना.

---

अनमोड

पाण्यावर एक भर. ओफिओलाइटमधून येणारे काही झरे निळसर दिसतात आणि त्यांवर दुधाच्या सायीसारखा पांढरा पापुद्रा असतो. पेरिडोटाइटशी पाण्याची प्रक्रिया होऊन त्याचा पीएच ११ ते १२ पर्यंत जातो. चुन्याच्या निवळीएवढं तीव्र. हे पाणी पिऊ नका, डोळ्यांना लावू नका. हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषून त्याचा कॅल्साइट होतो, तोच तो पापुद्रा. हवेतला कार्बन दगडात कायमचा कोंडता येईल का, याचा अभ्यास याच कारणाने ओमानमध्ये होतो. चुनखडीतल्या झऱ्यांचं तसं नसतं, पण तेही गाळून-उकळूनच घ्यावं.

---

डिचोलीकर

हे फारच उपयोगी आहे. मग असं करू का: निझवात तळ ठोकून रोज एकेका ठिकाणी जाऊन परत यायचं? गाडी साधी घेतली तर चालेल? आणि जबल शम्सच्या शिखरावर जाता येतं का?

---

पायवाट

निझवात तळ नको. सैक पठार २,००० मीटरवर, निझवा पाचशे-सहाशेवर. रोज चढ-उतार करण्यात वेळ, इंधन आणि ब्रेक तिन्ही जातील. त्याऐवजी रांग दोनदा ओलांडा, एकदा खिंडीतून आणि एकदा माथ्यावरून.

पहिला दिवस मस्कत, अनमोड यांनी सांगितलेल्या टेकड्या. दुसऱ्या दिवशी समाइलच्या खिंडीतून निझवा. दोन्ही बाजूंना काळपट दगड, आणि उजवीकडे त्यांच्या वर करडी भिंत, हे गाडीतूनच दिसेल. शुक्रवार सकाळ निझवात येईल असं जमवा, त्या दिवशी बकऱ्यांचा बाजार भरतो आणि डोंगरातल्या गावांची माणसं खाली उतरतात. तिथून बिरकत अल मौझवरून सैक पठारावर दोन रात्री. अल ऐन, अश् शुरैजा, अल अक्र ही गावं कड्याच्या तोंडाशी पायऱ्यांच्या शेतांवर आहेत. गुलाब एप्रिलमध्ये आणि डाळिंबं आपल्याकडचा पावसाळा सरताना असतात, त्यामुळे डिसेंबरात शेतं उघडी दिसतील. पण शेतांच्या बांधांची रचना तेव्हाच नीट कळते.

गाडी: साधी चालणार नाही. बिरकत अल मौझनंतर पोलीस चौकी आहे आणि फोर व्हील ड्राइव्ह नसेल तर तिथूनच परत पाठवतात. रस्ता उत्तम डांबरी आहे, अडचण उताराची. लांब, सलग, तीव्र. सतत ब्रेकवर पाय ठेवून उतरलं की ब्रेक तापून पकड सोडतात. चढताना ज्या गिअरमध्ये चढलात त्याच गिअरमध्ये उतरायचं. ऑटोमॅटिक असेल तर हाताने खालचा गिअर लावायचा, ब्रेक थोडा वेळ दाबून सोडायचा. जळका वास आला की थांबा, पण चाकांवर पाणी ओतू नका. तापलेली डिस्क वाकडी होते. भाडेकरारात कच्च्या रस्त्यावर विमा लागू आहे का ते आधीच वाचून घ्या.

पुढे अल हमरावरून जबल शम्सच्या पठारावर एक-दोन रात्री. इथे वादी घूलची दरी, खोली सुमारे एक हजार मीटर. तिच्या कपारीतून जाणारी वाट, क्रमांक डब्ल्यू ६, अल खितैम गावातून निघून अस् साब या ओसाड वस्तीपर्यंत जाते. एका बाजूला साडेतीन-चार किलोमीटर, जाऊन येऊन तीन ते चार तास. वाट गाढवं जाण्याइतकी रुंद आहे, पण कठडा नाही. लहान मुलांना हात धरूनच न्यावं लागेल. खुणा पिवळ्या-पांढऱ्या-लाल पट्ट्यांच्या, दगडांवर रंगवलेल्या. शंभर पावलांत खूण दिसली नाही तर मागे फिरून शेवटची खूण शोधा, पुढे अंदाजाने जाऊ नका. कड्यावरच्या बकऱ्यांच्या वाटा हुबेहूब पायवाटेसारख्या दिसतात आणि मध्येच संपतात.

शिखराचं: खरं शिखर लष्कराच्या ताब्यात आहे, तिथे जाता येत नाही. दक्षिण शिखर सुमारे २,९९७ मीटर, तिथे डब्ल्यू ४ ही वाट जाते. चढ सुमारे १,१०० मीटर, पूर्ण दिवस लागतो. डिसेंबरात साडेपाचच्या आत सूर्य मावळतो, त्यामुळे उजाडताच निघा आणि दुपारी बारापर्यंत जिथे असाल तिथून परत फिरा. माणशी चार लिटर पाणी, वाटेत कुठेही मिळत नाही. थंडी असूनही लागतं, कारण हवा कोरडी आणि घाम दिसत नाही. रात्री पारा शून्याजवळ जाऊ शकतो. गोव्यातलं स्वेटर पुरणार नाही, वारा अडवणारं जाकीट घ्या. बुटांचे तळ चिकटवलेले असतील तर आधीच शिवून घ्या. पावसाच्या पाण्याने धारदार झालेल्या चुनखडीवर जुने तळ एका दिवसात सुटतात.

परतीला माथ्यावरची वाट: अल हमराहून शरफ अल अलमैनची खिंड, सुमारे २,००० मीटर, तिथून कच्च्या रस्त्याने हत्त, बलद सैत आणि वादी बनी औफमधून रुस्ताककडे. घुमटाचा फुटलेला गाभा पाहायचा तर हाच रस्ता, उतरताना थरांचं वय पायाखाली वाढत जातं. अंतर थोडं दिसलं तरी अर्धा दिवस धरा. लो रेंजमध्येच (फोर व्हील ड्राइव्हच्या सर्वांत संथ गिअरजोडीत) उतरा, आणि चढणाऱ्या गाडीला आधी वाट द्या. शेवटचा टप्पा वादीच्या पात्रातूनच आहे, म्हणून पावसाचा इशारा असेल किंवा माथ्यावर ढग साचले असतील तर हा रस्ता सरळ सोडा आणि निझवावरून या.

---

म्हादईकाठ

शेवटच्या वाक्याला जोर देतो, कारण अपघात इथेच होतात. आपल्याकडे नदी चढते ती पाऊस डोळ्यांसमोर पडत असताना. तिथे डोंगरावर माती नाही, झाडं नाहीत. पडलेली सर कातळावरून घरंगळून एकाच अरुंद दरीत येते. तुमच्या डोक्यावर निळं आकाश असताना वीस किलोमीटर वरच्या पावसाचं पाणी येऊन धडकतं. पाणी अचानक गढूळ होणं, काटक्या-पाला वाहत येणं, लांबून ट्रकसारखी घरघर: यांतलं एक जरी जाणवलं तरी सामान सोडून बाजूचा उतार चढा, पात्रातून खालच्या दिशेला धावू नका. वाहती वादी गाडीने ओलांडणं तिथे कायद्याने गुन्हा आहे. तंबू पात्रात कधीच नको, वाळू कितीही सपाट आणि मऊ असली तरी. आजूबाजूच्या बाभळींच्या फांद्यांत अडकलेला कचरा किती उंचीवर आहे ते पाहा, मागचा पूर तिथपर्यंत आला होता.

---

चोर्ला

एक गोष्ट राहिली, आणि मराठी माणसाने ती मुद्दाम जाणून घ्यावी. हजरमध्ये ‘अरबी तहर’ नावाचा रानबोकड आहे, जगात फक्त याच रांगेत सापडतो. त्याचं शास्त्रीय नाव अरॅबिट्रॅगस जयकरी. मस्कतमध्ये अनेक वर्षं ब्रिटिश सरकारचे शल्यचिकित्सक असलेले आत्माराम सदाशिव जयकर यांनी त्याचे नमुने पाठवले, आणि १८९४ मध्ये ओल्डफिल्ड थॉमस यांनी त्यांच्या नावाने या प्राण्याचं वर्णन केलं. याच डोंगरातला एक मोठा सरडा आणि अरबस्तानच्या वाळूतला एक साप, दोघेही ‘जयकरी’. तहर दिसणं कठीण, तो कड्यांवर असतो आणि संख्येने थोडा उरला आहे. पूर्व हजरमध्ये वादी सरीनचं राखीव क्षेत्र त्याच्यासाठी आहे. मेंढपाळांच्या बकऱ्या तोच चारा खातात, तेच पाणवठे वापरतात, हा त्याच्यापुढचा मोठा प्रश्न.

---

डिचोलीकर

जयकरांचं माहीत नव्हतं, धन्यवाद. शेवटचं: उरलेल्या दोन दिवसांत मुसंदम बसेल का?

---

जांभाचिरा

नाही. मुसंदम ओमानचाच, पण मध्ये अमिरातींचा प्रदेश आहे, रस्त्याने गेलात तर सीमा ओलांडावी लागते. त्याला स्वतंत्र तीन दिवस हवेत. तिथलं वैशिष्ट्य म्हणजे डोंगर समुद्रात बुडतो आहे: अरबस्तानाचं हे टोक इराणच्या बाजूला दाबलं जाऊन खाली कलतंय, त्यामुळे जुन्या वादींत समुद्र शिरून खोल खाड्या झाल्या आहेत. लोक त्यांना नॉर्वेतल्या खाड्यांची उपमा देतात, पण इथे हिमनदी कधी नव्हती. मांडवी आणि जुवारी याही बुडालेल्या नदीदऱ्याच. मुसंदममध्ये तसंच, फक्त दोन्ही काठांना हजार मीटरची उघडी चुनखडी.

दोन दिवस पूर्व हजरला द्या. मस्कतहून सूरच्या रस्त्याला वादी शाब: तोंडाशी छोट्या होडीने पलीकडे, मग पाऊण तास चालणं, पुढे पोहून गुहेतला धबधबा. पोहता येत नसेल तर पहिल्या कुंडापाशी थांबा. फोनसाठी पाणी न शिरणारी पिशवी न्या आणि सकाळी आठच्या आधी पोहोचा, त्यानंतर गर्दी होते.